घड्याळजींच्या नावावरची सात पुस्तकं

पत्राला उत्तर लिहायचं राहून गेलं, असं कार्डकाका अकरा महिने स्वतःला सांगत आले होते. ते काही खरं नव्हतं. नखं कापायची राहतात, कोणाकडे विसरलेली छत्री आणायची राहते. हे पत्र त्यांनी आलं त्या दिवशी तीनदा वाचलं होतं, चष्मा पुसून चौथ्यांदा वाचलं होतं आणि मग घडी घालून मोठ्या शब्दकोशाच्या दुसऱ्या खंडात ठेवून दिलं होतं. तेव्हापासून एखादा शब्द अडला की तो पहिल्या नाहीतर तिसऱ्या खंडातला निघावा, अशी ते मनातल्या मनात इच्छा करायचे. दुसऱ्या खंडातला निघालाच, तर त्या शब्दावाचून भागवायचे.

पत्र तुरुंगातून, वाचनालयाच्या पत्त्यावर आलं होतं. पाकीट आधी फोडून मग पुन्हा चिकटवलेलं, वर ‘तपासले’ असा जांभळा शिक्का आणि आत दोन ओळींवर काळी शाई फिरवलेली. लिहिणारे होते घड्याळजी. बाजाराच्या कोपऱ्यावर त्यांचं घड्याळदुरुस्तीचं दुकान होतं. दर शनिवारी दुकान बंद केलं की ते वाचनालयात यायचे, एक पुस्तक परत करायचे आणि एक न्यायचे. खरं तर एका कार्डावर तीन पुस्तकं मिळत. घड्याळजी म्हणायचे, “एका वेळी एकच उघडावं काका, नाहीतर स्क्रू मिसळतात.”

पत्र लहानसं होतं.

“काका, नमस्कार. मी बरा आहे. तुम्हाला त्रास देतोय, राग मानू नका. इथे मला सात पुस्तकांची यादी दाखवतात. ती माझ्या नावावर गेली आहेत म्हणतात, नावं मागच्या बाजूला लिहिली आहेत. मला त्यातलं एकही आठवत नाही. मी समुद्रप्रवासाची पुस्तकं न्यायचो, तुम्हीच काढून ठेवायचात. शेवटचं सोडून बाकी सहा नोंदींसमोर पेन्सिलीचा ठिपका आहे. तो कशाची खूण आहे असं रोज विचारतात. माहीत नाही म्हटलं की पुन्हा विचारतात. आता मलाच शंका यायला लागली आहे की मी ती नेली असतील आणि विसरलो असेन. ठिपकेही कदाचित मीच काढले असतील. तुमची नजर पक्की होती. मी ती पुस्तकं नेली होती का, एवढंच कळवा. तुमचं घड्याळ झालं आहे. सेकंदकाट्याचं काम होतं. खणात ठेवलंय, हिच्याकडून घेऊन जा.”

तो ठिपका कशाची खूण आहे हे जगात एकाच माणसाला माहीत होतं. तो माणूस शब्दकोश मिटून खिडकीपाशी बसून राहिला होता.

कार्डकाकांनी एकतीस वर्षं वाचनालयाच्या देवघेवीच्या खिडकीत काढली. त्यांचं खरं नाव सभासदांना ठाऊक नव्हतं आणि त्यांनाही ते कोणी विचारावं अशी हौस नव्हती. खिडकीच्या चौकटीत माणूस दिसतो तो छातीपर्यंत. त्यांना तेवढंच दिसणं पुरेसं वाटायचं.

त्यांच्या नोकरीच्या शेवटच्या काही वर्षांत वाचनालयाला नवे चिटणीस आले आणि त्यांनी एक नियम आणला. पाच वर्षांत ज्या पुस्तकाची एकदाही देवघेव झाली नाही, ते बाद. कपाटं भरली होती, जागा नव्हती, नियमात चूक काहीच काढता येत नव्हती. पण पहिल्या वर्षी टेम्पो आला, पुस्तकं दोरीने बांधून लगद्याच्या कारखान्यात गेली आणि त्या दिवशी कार्डकाकांना जेवण गेलं नाही. दुसऱ्या वर्षी बाद करायच्या यादीला महिना उरला असताना ते एकटेच कपाटांतून हिंडले. ज्यांचे दिवस भरत आले होते अशी पुस्तकं त्यांनी काढली आणि नोंदवहीत कोणा ना कोणा सभासदाच्या नावावर टाकून दिली. पंधरा दिवसांनी परत आल्याची नोंद केली. झालं. पुस्तकाला आणखी पाच वर्षांचं आयुष्य मिळालं. आपल्यालाच गोंधळ नको म्हणून अशा प्रत्येक नोंदीसमोर ते पेन्सिलीने एक बारीक ठिपका द्यायचे. ठिपका म्हणजे हे पुस्तक या माणसाने नेलेलं नाही.

नुसती खोटी नोंद करणं मात्र त्यांच्या मनाला लागून राहायचं. म्हणून नोंद केलेलं प्रत्येक पुस्तक ते पिशवीत घालून घरी न्यायचे आणि वाचून काढायचे. नोकरांना पुस्तकं घरी न्यायला मनाई होती. म्हणजे एका लबाडीला झाकायला दुसरी. पण निदान कोणीतरी वाचलं, ही नोंद तेवढ्यापुरती खरी झाली, असं त्यांना वाटायचं. यात कितपत अर्थ आहे हे त्यांना तेव्हाही नक्की सांगता आलं नसतं.

घड्याळजींच्या कार्डावर दोन जागा कायम रिकाम्या. त्यामुळे त्या माणसाच्या नावावर काय काय गेलं, विचारू नका. खाणीत सुरुंग कसे लावतात हे सांगणारं जाडजूड पुस्तक. भुयारी गटारांचा नकाशांसह इतिहास. पुलांच्या बांधणीवरचं एक, विषारी वनस्पतींवरचं एक, जुन्या क्रांत्यांवरचे दोन कंटाळवाणे खंड. ही पुस्तकं कोणीच वाचत नव्हतं, म्हणून तर त्यांच्यावर टेम्पोची पाळी आली होती. कार्डकाकांनी ती सगळी पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचली. ज्या माणसाचा गॅस पेटवताना हात कापतो, त्याने सुरुंगाच्या वातीवरचं प्रकरण दोनदा वाचलं, कारण पहिल्या वेळी त्याला ते नीट कळलं नव्हतं.

मग राजधानीत स्फोट झाला. पेपरात आठवडाभर तेच होतं. नवा कायदा चार दिवसांत मंजूर झाला आणि सगळ्यांनाच बरं वाटलं, कार्डकाकांनाही. एके दिवशी इस्त्रीच्या कपड्यांतले दोन गृहस्थ वाचनालयात आले. त्यांनी दहा वर्षांच्या देवघेवीच्या वह्या मागितल्या. कार्डकाकांच्या वह्या आजवर कोणी मागितल्या नव्हत्या. त्यांनी त्या फडक्याने पुसून, सालाप्रमाणे लावून दिल्या आणि वर चहा मागवला. एकाला धुळीने शिंका येत होत्या. दुसरा पानं चाळत म्हणाला, “अक्षर मोत्यासारखं आहे हो तुमचं. सगळीकडे असं असतं तर आमचं काम निम्मं झालं असतं.” कार्डकाका लाजले. जाताना त्यांनी एका कागदावर सही घेतली. ही भेट झाली हे कोणाला सांगायचं नाही, सांगितलं तर तो गुन्हा. कार्डकाकांनी सही केली. कोणाला काही न सांगणं त्यांना कधीच जड गेलं नव्हतं.

तीन आठवड्यांनी घड्याळजींच्या दुकानाला सील लागलं. पेपरात आलं की संशयिताकडून एकशे बारा घड्याळं जप्त. वाचनालयात दोघे सभासद बोलत होते. एक म्हणाला, एवढी घड्याळं लागतात कशाला माणसाला? दुसरा म्हणाला, अरे, पण तो घड्याळजी आहे ना. पहिला म्हणाला, तेच तर. कार्डकाका खिडकीत खाली मान घालून एकाच कार्डावर दोनदा शिक्का मारून बसले. त्या एकशे बारांत एक त्यांचंही होतं. आदल्याच सोमवारी त्यांनी ते दुरुस्तीला टाकलं होतं.

या गोष्टीला दोन वर्षं झाली. खटला उभा राहिला नव्हता. कायद्याने तो इतक्यात उभा राहायची गरज नव्हती.

पत्र सापडलं ते लेकीला. ती पाणीपुरवठ्याच्या कार्यालयात होती आणि पाणीकपातीच्या सूचनेत एक शब्द तिला अडला होता. शब्द दुसऱ्या खंडातला निघाला. कार्डकाका आतल्या खोलीत होते. पानं उलटण्याचा आवाज थांबला तेव्हाच त्यांना कळलं.

“बाबा, हे काय आहे?”

त्यांनी सांगितलं. वह्या नेल्याची भेट सोडून बाकी सगळं सांगितलं. पण ती सोडून सांगायचं म्हणजे मधला एक भाग गाळून गोष्ट सांगण्यासारखं होतं, आणि लेक बारा वर्षं सरकारी नोकरीत होती. तिने ती जागा आपली आपण भरून घेतली.

“तुम्ही उत्तर दिलंत?”

“नाही.”

“बरं केलंत,” ती म्हणाली, आणि खुर्चीत बसली. तिच्या बढतीची फाईल वर गेली होती आणि चारित्र्याची पडताळणी चालू होती. घरातल्या माणसांचीही करतात. तिने हे त्यांना मुळीच रागाने सांगितलं नाही, बसची वेळ सांगावी तसं सांगितलं. मग पत्र पुन्हा वाचलं. जेवणं झाली. ताटं उचलताना म्हणाली, “मी सहावीत असताना यांनी माझ्या घड्याळाच्या पट्ट्याला तीन भोकं जास्त पाडून दिली होती. म्हणाले, मनगट वाढेल तसं एकेक मागे सरक.” आणि नळ सोडून भांडी विसळायला लागली. नळाला पाणी नव्हतं.

खरं तर कार्डकाका या अकरा महिन्यांत अगदीच स्वस्थ बसले नव्हते. त्यांना ठाऊक असलेला एकच उपाय त्यांनी केला होता. त्यांनी कायदा वाचला. त्रेचाळीस पानांचा तो कायदा त्यांनी आणला आणि खाणीच्या पुस्तकासारखाच पेन्सिल हातात घेऊन वाचायला घेतला. आयुष्यभर वाचनात घालवलेल्या माणसाला एक वाक्य कळू नये, याचं त्यांना आधी नवल वाटलं, मग लाज वाटली. नवव्या कलमातलं एक वाक्य दीड पान चाललं होतं आणि त्यात क्रियापद कुठे आहे ते शोधता शोधता त्यांचा चहा गार झाला. अकराव्या कलमाप्रमाणे संशयिताला ‘कोणत्याही प्रकारे’ मदत करणं गुन्हा होता. उत्तर लिहिणं ही मदत. एकोणिसाव्या कलमाप्रमाणे ठाऊक असलेली माहिती दडवणं गुन्हा होता. उत्तर न लिहिणं हे दडवणं. म्हणजे ते गेले अकरा महिने रोज एक गुन्हा करत होते आणि तो थांबवायचा तर दुसरा करावा लागणार होता. आपलंच काहीतरी चुकतंय, असं समजून त्यांनी पुन्हा पहिल्यापासून वाचलं. मग मागची सूची बोट फिरवत तपासली. ठिपक्याचा उल्लेख कुठेच नव्हता. त्यामुळे त्यांना थोडा धीर आला, पण तो धीर कशाचा, हे काही त्यांना सांगता आलं नसतं.

लेकीनेच त्यांना मामाकडे पाठवलं. कार्डकाकांच्या दिवंगत पत्नीचा हा धाकटा भाऊ वकील होता. त्याच्या खोलीत फायली जमिनीपासून खिडकीपर्यंत चढल्या होत्या आणि अशिलाने बसायच्या खुर्चीवरही दोन होत्या. त्या मांडीवर घेऊन कार्डकाका बसले आणि एका ओळखीच्या माणसाची अडचण आहे, अशी त्यांनी सुरुवात केली.

“दाजी,” वकील म्हणाला, “तुमच्या ओळखीची माणसं मला माहीत आहेत. त्यातली निम्मी पुस्तकातली आहेत.”

मग दार लावून त्याने सगळं ऐकून घेतलं. वह्यांच्या भेटीशी कार्डकाका आले आणि थांबले, तसा तो म्हणाला की इथे तुम्ही थांबलात हे मी पाहिलं, पुढे बोला. पण मग ती माणसं ठिपक्यांबद्दल विचारायला माझ्याकडेच का आली नाहीत, असं कार्डकाकांनी विचारलं. हा प्रश्न त्यांना फार दिवस छळत होता. दारावर थाप पडली की त्यांना वाटायचं, आले. दूधवाला यायचा. वकिलाने सांगितलं की वह्या नेणारं खातं वेगळं, वाचणारं वेगळं आणि घड्याळजींना प्रश्न विचारणारं तिसरंच. या तिघांचं एकमेकांशी बोलणं होत असेल असं मानायला काही आधार नाही.

“मग मी लिहू की नको?”

“लिहिलंत तर मदत. नाही लिहिलंत तर दडवणं.”

“ते मी वाचलंय. माणसाने करायचं काय?”

“शक्यतो अशी पत्रं येऊ द्यायची नाहीत.” आपल्याच विनोदावर तो हसला नाही. घड्याळजींचं वकीलपत्र आजवर तिघांनी घेतलं आणि सोडलं, असं तो म्हणाला, आणि मला घ्यायला सांगू नका, असंही म्हणाला. मग जरा वेळाने, फायलींकडे बघत, त्याने सांगितलं की तुरुंगाच्या पत्त्यावर गेलेलं पत्र आधी तेच लोक उघडतात. तेव्हा घड्याळजींना ते मिळेल की नाही, देव जाणे. त्यांना मात्र नक्की मिळेल, आणि ते फाईलला लागेल.

“आणि मग?”

“मग तो सुटेल. नाहीतर तुम्ही दोघं मिळून वाचाल.”

कार्डकाका उठले. फायली त्यांनी पुन्हा खुर्चीवर ठेवल्या, होत्या त्याच क्रमाने.

घरी जायचं म्हणून निघाले आणि पाय बाजाराच्या कोपऱ्याकडे वळले. आपण घड्याळ आणायला जातोय, असं त्यांनी स्वतःला समजावलं. घड्याळ आणणं हे अकराव्या कलमात बसेल का, याचा विचार करत ते रस्ता ओलांडून पलीकडच्या बाजूने चालत राहिले. दुकान मागे गेलं, मग परत फिरले. समोरच्या दाराला लाखेचं सील तसंच होतं. मागच्या बोळातून राहत्या खोलीचं दार उघडं होतं.

घड्याळजींच्या बायकोने त्यांना ओळखलं नाही. खिडकीबाहेर त्यांना कोणीच ओळखत नसे. वाचनालयातला, असं म्हटल्यावर ती शिवणयंत्रावरून उठली. आता ती शर्टांना काजं करून देत होती. खोलीच्या भिंतीवर गोल गोल फिकट डाग होते, लहान, मोठे, एक अष्टकोनी. जिथे जिथे घड्याळ होतं तिथला रंग नवा राहिला होता. वेळ कशी कळते, असं त्यांना विचारायचं होतं, पण ते बरं दिसलं नसतं. तिनेच सांगितलं की गिरणीचा भोंगा आहे, त्यावर भागतं.

“तुमचं घड्याळ नेलं त्यांनी,” ती म्हणाली. “आधी म्हणाले परत देऊ. मग म्हणाले पुरावा आहे. हे घ्या.” तिने खणातून एक पाकीट काढून दिलं. रिकामं होतं. वर घड्याळजींच्या अक्षरात ‘वाचनालय काका, सेकंदकाटा, झाले’ असं लिहिलेलं होतं.

कार्डकाका ते हातात धरून उभे राहिले. तिने बसा म्हटलं नाही आणि जा असंही म्हटलं नाही. लोक पूर्वी नुसती वेळ विचारायला आत डोकवायचे, आता पलीकडच्या बाजूने जातात, असं ती दोरा ओवत म्हणाली. त्यांनी मान खाली घातली. तिने ते त्यांना उद्देशून म्हटलं नव्हतं, पण त्यांना ते लागायचं तिथे लागलं.

“वहिनी,” ते म्हणाले, “ते ठिपके माझे आहेत.”

सुई थांबली.

“पेन्सिलीचे?”

“पेन्सिलीचे.”

त्यांनी तिला टेम्पोबद्दल सांगितलं, कपाटांबद्दल, पाच वर्षांबद्दल. सांगताना त्यांचं त्यांनाच ते इतकं क्षुल्लक वाटत होतं की मध्ये मध्ये ते थांबत होते, हिला हे खोटं तर वाटणार नाही ना म्हणून. ती ऐकत होती.

“पुस्तकं वाचवायला,” ती शेवटी म्हणाली.

“हो.”

“दोन वर्षं मी दर भेटीला त्यांना सांगत्येय की आठवा, नीट आठवा, कशाचे ठिपके ते सांगून टाका म्हणजे सोडतील. मागच्या वेळी मला म्हणाले, मीच काढले असणार गं, दुसरं कोण काढणार. भिंग लावून काम करणारा माणूस, बारीक ठिपका मीच काढणार.” ती आवाज न चढवता बोलत होती. “माझ्या नावावर तुम्ही असं काही केलं असतंत तर मी तुम्हाला या दारातून परत पाठवलं असतं. पण मला सांगून उपयोग नाही. मी बायको आहे, माझं कोण ऐकतंय. त्यांना लिहा.”

त्या दुपारी कार्डकाका लिहायला बसले. पहिला मसुदा चार पानी झाला. त्यात निम्मी क्षमा होती आणि निम्मा पुस्तकं बाद करण्याच्या धोरणावरचा विचार. तो त्यांनी फाडला. दुसऱ्यात त्यांनी कलमांचे आकडे घातले आणि तो वाचून त्यांचे तेच घाबरले. तिसऱ्यात साधं लिहायचं ठरवलं. सहा पुस्तकांची नावं क्रमाने लिहिली. ही तुम्ही नेली नाहीत. ही मी तुमच्या नावावर तुम्हाला न विचारता टाकली आणि मीच वाचली. ठिपका माझा आहे, त्याचा अर्थ एवढाच की हे पुस्तक तुम्ही नेलेलं नाही.

आणि इथे पेन अडलं, कारण सातवं पुस्तक उरलं.

घरच्या घरी रेडिओसंच कसा करावा, अशी ती चाळीस पानी पुस्तिका होती. तिच्यासमोर ठिपका नव्हता. म्हणजे ती घड्याळजींनी नेली. किंवा आपणच नोंद केली आणि ठिपका द्यायला विसरलो. कार्डकाकांनी डोळे मिटून तो शनिवार आठवायचा प्रयत्न केला. खिडकी दिसली, घड्याळजींची बोटं दिसली, नखाखाली काळं वंगण. बोटांखालचं पुस्तक दिसेना. पुस्तिका वाचल्याचं त्यांना आठवत होतं आणि नव्हतंही. तारांची एक आकृती डोळ्यांसमोर येत होती, पण तशी आकृती शंभर पुस्तकांत असते. घड्याळजी लिहितात की आपण समुद्रप्रवासाचीच पुस्तकं न्यायचो. पण घड्याळजी तर म्हणतात की ठिपकेही मीच काढले. कोणाची आठवण धरायची? दर शनिवारी दहा मिनिटं भेटणारा माणूस, समुद्रप्रवास आवडणारा, त्याच्याबद्दल आपल्याला खरं काय ठाऊक आहे, असाही एक विचार त्यांच्या मनात आला, आणि तो आला याची त्यांना भीती वाटली. दोन वर्षांपूर्वी बाजारात सगळ्यांच्या मनात हाच आला असेल.

ठिपका माझाच, फक्त द्यायचा राहिला, असं लिहून टाकणं सोपं होतं. माणूस सुटायला तेवढीच मदत झाली असती. पण ते खोटं असण्याची निम्मी शक्यता होती, आणि त्यांच्या एका खोट्या नोंदीने काय होतं ते त्यांनी पाहिलं होतं. त्यांनी पेन पुन्हा उचललं. मग लिहिलं, “सातव्याचं मला आठवत नाही. मी खूप आठवून पाहिलं. ते तुम्ही नेलं असेल किंवा मी. तुम्हालाही आठवत नसेल तर तसंच सांगा. न आठवणं हा काही गुन्हा नाही, निदान मला कायद्यात तसं सापडलं नाही. पण मला कायदा नीट कळलेला नाही.”

शेवटी घड्याळाबद्दल एक ओळ घातली. पाकीट मिळालं.

लेक कामावरून आली तेव्हा पत्र टेबलावर उघडंच होतं. त्यांनी ते लपवलं नव्हतं, दाखवलंही नव्हतं. तिने उभ्या उभ्या वाचलं. तिची पर्स खांद्यावरच होती. मग ती आत गेली, तोंड धुतलं, बाहेर आली आणि पुन्हा वाचलं. फाईलचं काय, असं विचारायला त्यांनी तोंड उघडलं, तर तिने हाताने थांबवलं आणि विचारलं, सही कशाची केलीत, ‘कार्डकाका’ म्हणून? तुरुंगात कोणाला कळणार आहे कार्डकाका कोण ते. घड्याळजींना माझं खरं नाव माहीत नाही, असं ते म्हणाले. ती म्हणाली, “त्यांना नसेल. ज्यांना लागेल त्यांना लागेल. आणि पाठवणाऱ्याचा पत्ता घातला नाहीत तर ते केराच्या टोपलीत टाकतील.” तिने पाकीट ओढून घेतलं आणि मागच्या बाजूला घराचा पत्ता लिहिला. तिचाही तोच पत्ता होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी पोस्टात नोंदणीच्या खिडकीपुढे सात माणसं होती. कार्डकाका आठवे. खिडकीच्या या बाजूला उभं राहायची त्यांना सवय नव्हती. रांग पुढे सरकली की ते एक पाऊल सरकत आणि मनात कलम अकरा, कलम एकोणीस असं चालू होतं, कुठल्याशा कवितेसारखं, अर्थ न लागता. दोनदा त्यांना वाटलं की घरी जाऊन सातव्याचं एकदा आठवून पाहावं. एकदा ते रांगेतून बाहेर पडलेही, पण मागच्या बाईंनी विचारलं, काका, तुमचा नंबर सोडताय का, आणि कोणी विचारलं की नाही म्हणणं त्यांना अवघड जायचं. पण या वेळी नाही म्हणाले आणि परत उभे राहिले.

कारकुनाने पाकीट काट्यावर ठेवलं, पत्ता वाचला आणि मान वर केली. खिडकीत कार्डकाका छातीपर्यंत दिसत होते.

“तुरुंग?” तो म्हणाला, जरा मोठ्याने.

मागची बाई एक पाऊल मागे सरकली. कार्डकाकांच्या कानाच्या पाळ्या गरम झाल्या.

“हो,” ते म्हणाले.

“पोच हवी?”

त्यांना प्रश्न आधी कळलाच नाही. पत्र पोचल्याची सही करून परत येणारं कार्ड, असं कारकुनाने समजावलं. कोणाच्या हातात पडलं तेवढं त्यावरून कळतं.

“हवी.”

त्याने एक कार्ड सरकवलं. पूर्ण नाव, पत्ता, स्वच्छ अक्षरात. कार्डकाकांनी खिशातली पेन्सिल काढली, ती पुन्हा ठेवली आणि दोरीला बांधलेलं पोस्टाचं पेन घेतलं. एकतीस वर्षं त्यांनी अशा चौकोनी कार्डांवर दुसऱ्यांची नावं लिहिली होती. त्यांनी आपलं लिहिलं. त्यांच्या अक्षराबद्दल कोणाची कधीच तक्रार नव्हती.

कारकुनाने कार्ड पाकिटाला जोडलं, शिक्का मारला आणि न बघता मागे टाकलं. पत्र पोत्याच्या तोंडाशी अडकलं. कार्डकाका थांबले. कारकुनाने वळून ते कोपराने आत ढकललं आणि पुढच्या बाईंकडे हात केला.